देगलूरची गाडी

माझ्या दुकानात येणाऱ्या माणसाला मी पहिला प्रश्न विचारतो तो असा: "वडील नोकरीत असताना गेले का?" आवाजात कसलीही हळहळ न आणता विचारतो. समोरचा हो म्हणाला की त्याला खुर्ची देतो. निवृत्तीनंतर गेले म्हणाला की सांगतो, "मग नाही मिळत. उठा." काहींना ते लागतं. लागू दे. पंधरा मिनिटं गोड बोलून शेवटी नाही म्हणायचं काम कचेरीत चालतं, आणि तिथं त्याचा पगार मिळतो.

दुकान नांदेडात आहे, सरकारी कचेऱ्यांच्या समोरच्या रांगेत, एका झेरॉक्सवाल्याला लागून. उत्पन्नाचा दाखला, जातीचा दाखला, पीकविमा, सगळे ऑनलाइन अर्ज भरतो, पण मला लोक ओळखतात ते अनुकंपाच्या फाइलीसाठी. सरकारी माणूस नोकरीत असताना वारला तर त्याच्या घरातल्या एकाला नोकरी देतात, ती ही अनुकंपाची. मृत्यूचा दाखला, वारसांचे जबाब, बाकीच्या भावंडांचं "आमची हरकत नाही" असं शपथपत्र, आणि नोकरी लागल्यावर आईला शेवटपर्यंत सांभाळीन असं हमीपत्र. ही हमीपत्रं मीच टाइप करतो. त्यातली किती पाळली जातात तेही मला ठाऊक आहे, कारण त्याच आया पुढं दोन-तीन वर्षांनी मुलाविरुद्ध तक्रारअर्ज लिहून घ्यायला माझ्याकडंच येतात.

मला या लोकांचा राग येतो. ते रडत येतात म्हणून नाही. त्यांचे बाप वेळेवर गेले म्हणून. हे वाक्य मी आजवर कोणाजवळ बोललो नाही, पण ते खरं आहे आणि आता लिहूनच टाकतो.

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणतो, मुखेडला एका सरकारी कार्यालयात जीप चालवायचे. शेजारच्या सीटवर बसणाऱ्याला त्यांनी जन्मभर साहेब म्हटलं आणि घरी आले की मला. "साहेब जेवले का?" असं आईला विचारायचे. मी तेव्हा सातवीत असेन. ही चेष्टा आहे असं मला वाटायचं. ती चेष्टा नव्हती, तो त्यांचा बेत होता. बेताप्रमाणं मला लातूरला पाठवलं आणि मी तिथं आठ वर्षं स्पर्धा परीक्षांचा अभ्यास केला. खरं सांगायचं तर आठ वर्षं एका अभ्यासिकेतल्या एकाच खुर्चीवर बसलो. दोनदा थोडक्या मार्कांनी गेलो. थोडक्यात गेलेला माणूस सगळ्यात वाईट, कारण त्याला कोणी उठ म्हणत नाही.

त्या आठव्या वर्षी मे महिन्याच्या सत्तावीस तारखेला भल्या पहाटे अण्णांच्या पोटात दुखू लागलं. एकतीस तारखेला ते निवृत्त होणार होते.

इथं आमच्याकडची एक पद्धत सांगायला हवी. अण्णांच्या पिढीतल्या निम्म्या मराठवाड्याचा जन्म एक जूनचा आहे. शाळेत नाव घालताना आईबापांना तारीख ठाऊक नसायची आणि मास्तरला विचारत बसायला वेळ नसायचा. शाळा जूनमध्ये उघडायची, म्हणून तो सरसकट एक जून लिहायचा. एक तारखेला जन्मलेला सरकारी माणूस आदल्या महिन्याच्या शेवटच्या दिवशी निवृत्त होतो. त्यामुळं दरवर्षी मे अखेरीला कचेऱ्याच्या कचेऱ्या रिकाम्या होतात आणि हारवाल्यांची चंगळ होते. अण्णांच्या कार्यालयात त्या वर्षी चौघं निघणार होते. चार शाली, चार नारळ आधीच आणून ठेवले होते.

मी लातूरला होतो म्हणून अण्णांना नांदेडला न नेता लातूरला आणलं. सोबत आई आणि काका. काका म्हणजे अण्णांचे धाकटे भाऊ, एका कचेरीत आस्थापनेवर कारकून. आस्थापना म्हणजे नोकरदारांच्या नोंदी ठेवणारं टेबल. आमच्या घरात नियम त्यांनाच कळतात असं सगळे मानायचे आणि ते स्वतः तर फारच मानायचे.

डॉक्टर माझ्यापेक्षा लहान असतील. आतड्याला छिद्र पडलंय, म्हणाले, घाण पोटभर पसरलीय. आत्ता ऑपरेशन केलं तर वाचतील, नाही केलं तर दोन-तीन दिवस. कागद माझ्या हातात दिला. नातेवाइकाची संमती. सकाळचे नऊ वाजले होते.

काकांनी माझ्या हातातून कागद घेतला, वाचला आणि घडी घालून स्वतःच्या खिशात ठेवला. अण्णा पडद्याच्या पलीकडं कण्हत पडले होते. हिरवा पडदा होता, खालून वीतभर कापलेला. त्यांना इंजेक्शन दिलेलं होतं. झोपलेत असं आम्ही धरून चाललो.

"आत्याला येऊ दे," काका म्हणाले.

आत्या म्हणजे या दोघांची थोरली बहीण, देगलूरला दिलेली. आमच्या घरात ती आल्याशिवाय साखरपुडा होत नाही, विहीर खोदली जात नाही, वाटणीचा शब्द निघत नाही. ही रीत सगळ्यांना मान्य होती, त्यामुळं त्या वाक्यात हरकत घेण्यासारखं काही नव्हतं. तिला फोन गेला. ती सकाळच्या एसटीत बसली. देगलूरहून उदगीर आणि उदगीरहून लातूर, चार तास तरी.

"एवढा उशीर चालंल का?" मी विचारलं.

"मोठ्या भनीला न विचारता पोट फाडलं म्हन्ल्यावर ती जल्मभर बोलंल," काका म्हणाले. मग थोडं थांबून, आवाज न बदलता, "आज सत्तावीस हाय."

मला काही कळलं नाही असं दाखवण्याची माझी हिंमत झाली नाही. मला कळलं होतं. खरं तर नऊ वाजता डॉक्टरांनी "दोन-तीन दिवस" म्हटलं तेव्हाच माझ्या डोक्यानं सत्तावीसमध्ये तीन मिळवून पाहिले होते. मी काही गणितात मठ्ठ नव्हतो. आठ वर्षं दुसरं केलं काय होतं?

काका बोलत राहिले. हळू, समजुतीनं, कचेरीत ज्या सुरात बोलतात त्याच सुरात. "देव करो अन काई न होवो. पन मानूस म्हनून इच्यार करावा लागतो. एकतीस तारकंनंतर काई झालं तं तुला कायबी न्हाई. तुजं वय निघून चाल्लं. तुज्या बापानंबी हेच म्हन्लं असतं." शेवटचं वाक्य तर कमाल होती. पडद्याच्या पलीकडं बाप पडलेला, आणि त्यानं काय म्हटलं असतं ते अलीकडं आम्ही ठरवतोय.

आईकडं बघितलं. ती पिशवीचे बंद बोटांना गुंडाळत बसली होती. "मला काय इचारतूस? तुला वाटंल तसं कर," म्हणाली. मी तिच्यावर त्या दिवशी जेवढा चिडलो तेवढा काकांवरही चिडलो नाही. तिनं एकदा "कर सही" म्हटलं असतं तर मी सुटलो असतो. "नको" म्हटलं असतं तरीही सुटलो असतो. तिनं दोन्ही म्हटलं नाही, कारण तिला नवराही हवा होता आणि मुलाची नोकरीही. तिला बोल लावायला मी कोण? मलाही दोन्ही हवंच होतं.

दहा वाजता अण्णांच्या कार्यालयातला हेडक्लार्क आला. मुखेडहून लातूरला काहीतरी कामाला आला होता, वाट वाकडी करून आला. मोसंबी आणली. आतडं फुटलेल्या माणसाला मोसंबी. पडद्याच्या बाजूनं एकदा डोकावला आणि बाहेर येऊन माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "फाइलीचं टेन्शन घेऊ नको. सर्व्हिसमदी झालं तं मी हाव ना, आठ दिवसांत पाठवतो." हे तो धीर द्यायला म्हणाला. माणूस वाईट नव्हता. वाईट माणूस असता तर मी त्याला हाकलला असता. मी त्याला "हाव साहेब" म्हटलं. चहा पाजला.

अकरा वाजता डॉक्टर आले. "तुम्ही कोणाची वाट बघताय?"

"पेशंटची मोठी बहीण येऊन राहिली," काका म्हणाले.

"त्या डॉक्टर आहेत?"

काकांनी खिशातली कागदाची घडी चाचपली. डॉक्टर निघून गेले. नर्स माझ्याकडं बघून गेली. तिची ती नजर अजून आठवली की मला तिचाच राग येतो, तिची काही चूक नसताना.

मधल्या वेळेत मी काय करत होतो? पायऱ्यांवर बसून फोनवर गाडी कुठवर आली विचारत होतो. उदगीर सोडलं. नळेगाव आलं. एखाद्यानं बघितलं असतं तर म्हटलं असतं, पोरगं बापासाठी किती तळमळतंय. आणि तळमळत होतोच. फक्त गाडी लवकर यावी म्हणून तळमळतोय की उशिरा यावी म्हणून, हे मला त्या दिवशीही सांगता आलं नसतं आणि आजही येत नाही.

सव्वा एकला आत्या आली. सत्तरीची बाई, नऊवारीचा काष्टा, हातात कापडी पिशवी, बसून बसून पाय सुजलेले. तिनं पिशवी खाली ठेवली, पडदा बाजूला सारून भावाच्या कपाळावर हात ठेवला आणि बाहेर आली.

"अजून हितंच काहून पडलाय त्यो?"

काकांनी तिला बाजूला घेतलं. तेच सगळं पुन्हा, त्याच समजुतीच्या सुरात. एकतीस, एक जून, वय, फाइल. आत्या पूर्ण ऐकून घेते, मधे बोलत नाही. तिचं ऐकून झालं तेव्हा ती मोठ्यानं बोलली, दवाखाना आहे वगैरे काही नाही.

"पोळ्याच्या दुसऱ्या दिशीचा जलम हाय त्याचा. मी व्हते घरात. मास्तरानं जून लिवला म्हनून मेमदी मरावं का त्यानं?"

मग माझ्याकडं वळली. "माजी वाट बगत व्हतास व्हय? मला पुढं करून राहिलास? आन तो कागद."

मी काकांच्या खिशातून कागद काढला. सही केली. दोन वाजायला आले होते. नऊ ते दोन.

नंतर नातेवाइकांत अशी गोष्ट पसरली की पोरानं नोकरीवर लाथ मारली आणि बापाला वाचवलं. ती मी कधी खोडून काढली नाही. सही मी केली हे खरं. पण वाचवलं ते एका अडाणी म्हातारीनं, आणि तिच्या नावाखाली पाच तास घालवण्याचं काम मात्र आम्ही शिकलेल्यांनी केलं. डॉक्टर म्हणाले, सकाळीच केलं असतं तर पोटाला शौचाची पिशवी लावावी लागली नसती. ती पिशवी अण्णांनी सात महिने अंगावर वागवली, आणि ती बदलायचं काम मी सात महिने केलं. रोज.

एकतीस तारखेला अण्णा अतिदक्षता विभागात होते. कार्यालयातले लोक शाल आणि नारळ तिथं घेऊन आले. आत सोडलं नाही म्हणून काचेबाहेर माझ्याच खांद्यावर शाल टाकली आणि फोटो काढला. तो फोटो त्यांच्या ग्रुपवर फिरला.

काका त्यानंतर आमच्याकडं फारसे आले नाहीत. एका लग्नात भेटले तेव्हा म्हणाले, "भलं करायला गेलं की असं हाय बग." मी त्यांच्या पंगतीतून उठून दुसऱ्या पंगतीत बसलो.

आज सहा वर्षं झाली. परीक्षा सोडून मी हे दुकान टाकलं, आणि आम्ही तिघं नांदेडला दोन खोल्यांत राहतो. अण्णा सकाळी गोदावरीच्या बाजूला फिरून येतात, पेपर वाचतात, आईशी बोलतात, शेजारच्या निवृत्त टेलरशी तासन्‌तास हिंदीत गप्पा मारतात. माझ्याशी कामापुरतं. गॅस संपला. लाइट बिल आलं. मला साहेब म्हणणं त्यांनी दवाखान्यातून आल्यापासून सोडून दिलं. तुझी नोकरी हुकली म्हणून सोडलं, असं आई म्हणते. मी सहा वर्षं तो हिरवा पडदा डोळ्यांसमोर आणून मोजत होतो, किती लांब होता, आवाज किती गेला असेल, इंजेक्शनचा अंमल किती वाजता उतरला असेल. विचारायचं धाडस झालं नाही. त्यांनी ऐकलं नसेल तर मीच सांगितल्यासारखं होईल, आणि ऐकलं असेल तर पुढं एकाच घरात जेवायचं कसं?

आणि गंमत अशी की ज्याच्यासाठी ते पाच तास घालवले ती नोकरी मिळालीच असती असंही नाही. माझ्या दुकानात लोक येतात, यादीत नाव लागून दहा-दहा, वीस-वीस वर्षं झालेले. दर महिन्याला यादी बघायला येतात. वयाची पंचेचाळीस वर्षं पूर्ण झाली की नाव उडतं. परवा एकजण धर्माबादहून आला होता. केस पांढरे, सोबत कॉलेजात जाणारी मुलगी. वडील गेले तेव्हा तो स्वतः कॉलेजात होता. माझ्याकडं बघून म्हणाला, "बाप गेला तवाच नशीब गेलं." मी त्याला म्हटलं, "बाप गेला तेव्हा तुम्ही दवाखान्यात किती वाजता पोचलात?" त्याला प्रश्नाचा अर्थ लागला नाही. त्यानं प्रिंट घेतली आणि गेला.

दर नोव्हेंबरला अण्णांना बँकेत न्यावं लागतं. पेन्शन घेणाऱ्यानं वर्षातून एकदा समोर येऊन आपण जिवंत असल्याचं लिहून द्यायचं, हयातीचा दाखला. मी दुकान बंद ठेवतो, त्यांना मोटारसायकलवर बसवतो. ते तीच निरोपाची शाल पांघरतात. पाच वर्षं त्यांनी स्वतः सही केली, ड्रायव्हर माणसाची ठसठशीत सही. यंदा उन्हाळ्यात त्यांना अर्धांगाचा हलका झटका आला आणि उजवा हात पेन धरेना.

बँकेत ही गर्दी. काठ्या, कानटोप्या, नातवंडं. काउंटरवरच्या बाईंनी अण्णांचा अंगठा घेतला आणि कागद माझ्याकडं फिरवला. "अंगठा असला की ओळखणाऱ्याची सही लागते. तुम्ही कोण?"

"मुलगा."

"मग इथं करा."

मी सही करण्याआधी कागद वाचतो, ती माझ्या धंद्याची सवय. वर नमूद केलेली व्यक्ती आज माझ्यासमोर हजर असून जिवंत आहे असे मी प्रमाणित करतो. इतकी वर्षं मी मेलेल्या बापांचे कागद करत आलो, हजारांनी केले असतील. जिवंत बापाचा कागद पहिल्यांदाच सहीसाठी माझ्यापुढं आला होता. पेन उघडं धरून मी ते वाक्य दुसऱ्यांदा वाचायला लागलो. मागची रांग कुरकुर करू लागली.

अण्णा माझ्या शेजारी खुर्चीवर बसले होते. त्यांनी मान वळवली नाही. अंगठ्याची शाई ते शालीच्या कडेला पुसत होते.

"कर सही," ते म्हणाले. "का देगलूरची गाडी येऊस्तोर थांबायचं हाय?"

बाईंना वाटलं म्हाताऱ्याला घाई आहे. त्या हसून म्हणाल्या, "आजोबा, देगलूरला जायचंय का?"

"न्हाई माय," अण्णा म्हणाले. "ती गाडी सा वर्सांमागंच आली. उशिरा आली, पन आली."

मी सही केली. खाली नाव लिहिलं, नात्याच्या रकान्यात मुलगा लिहिलं. बाईंनी कागद पाहिला आणि परत माझ्याकडं सरकवला. तारीख घालायची राहिली होती.